सिनेमातली बाई पाणी पीत नाही

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. आधी बी.ए., मग समाजकार्यातली पदव्युत्तर पदवी, आणि हे सांगताना मी आवाज बारीक करत नाही. वडिलांनी पळसदरीच्या पलीकडे भात लावला, भाताचे दिवस नसले की खोपोलीच्या एका कारखान्यात ओझी उचलली, तेव्हा कुठे ती पदवी घरात आली. आता मी एका छोट्या संस्थेत आहे. कर्जत-खालापूरच्या गावांतून स्कूटर फिरवते, आणि ज्या घरात अठरा पूर्ण व्हायच्या आत मुलीचं लग्न ठरलंय त्या घरात जाऊन बसते. एवढंच काम. लोक मला ताई म्हणतात.

या कामात फार बोलावं लागत असेल असं सगळ्यांना वाटतं. बोलणं सगळ्यात शेवटी. आधी पाणी. आमच्याकडे माणूस उंबऱ्यात आला की पाण्याचा तांब्या बाहेर येतो, आणि ते पाणी तोंडाला लावल्याशिवाय कुणी विषयाला हात घालत नाही. आमंत्रण असो, मागणं असो, बांधावरची तक्रार असो. भाऊबंदांत फाटलं की ‘त्यांच्याकडचं पाणी बंद झालं’ एवढंच सांगतात, पुढचं ज्याचं त्याला कळतं. पाणी घेतलंत म्हणजे तुम्ही भांडायला आलेला नाहीत. नाही घेतलंत तर भांडण सुरू झालं, मग तोंडावर कितीही हसू असेना.

हे मला आईकडून आलं. कॉलेजनं कायदा शिकवला, तोही लागतो. पण कायद्याचा फोन आधी केला की पुष्कळदा लग्न थांबत नाही, फक्त जागा बदलतं. घाटावर कुठल्या तरी मावशीच्या दारात हळद लागते, आणि आपल्याला कळतं तेव्हा मुलगी सासरी चूल सांभाळत असते.

शूटिंगची माणसं कर्जतला नवीन नाहीत. डोंगर आहेत, नदी आहे, मुंबई जवळ आहे. पण आमच्या ऑफिसात त्यांच्यातलं कुणी यावं हे पहिल्यांदाच. दिग्दर्शकाचा सहायक होता, दाढीवाला, बोलायला सभ्य. बालविवाह थांबवणाऱ्या बाईवर सिनेमा काढतोय म्हणाला. “तुमच्यासारखीच आहे ती,” असंही म्हणाला. मी फुगले. का फुगू नये? पोलिसांवर सिनेमे निघतात, वकिलांवर निघतात. लोकांच्या पडवीत बसून राहणाऱ्या बाईवर कोण काढतं?

तो दिवसभर माझ्या स्कूटरवर मागे बसून फिरला. मी त्याला पाण्याचं सगळं सांगितलं, अगदी रंगून. त्यानं मान डोलावली. “हे फार सिनेमॅटिक आहे,” म्हणाला. मला वाटलं, समजलं याला.

त्या फेरीतच त्याला एक घर आवडलं. नेमकं ते, जिथे मी तेव्हा जात होते. कौलारू, पुढे पडवी, अंगणात तुळस, मागे डोंगर. घरात नवरा-बायको आणि एकच मुलगी, तेव्हा दहावीला. वडील शेती करायचे आणि टेंपो चालवायचे. मुलीचं लग्न पुढच्या तुळशीच्या लग्नानंतर करायचं ठरत होतं. मुलगा खोपोलीला कंपनीत, पर्मनंट. “ताई, आसं स्थळ परत येल का? तुमीच सांगा,” वडील मला विचारायचे, आणि तो प्रश्न खोटा नव्हता, म्हणून मी घाईघाईनं उत्तर देत नव्हते. पाणी प्यायचे. टेंपोच्या टायरवर बोलायचो, मुलीच्या गणितावर बोलायचो. मी काका म्हणायचे, त्यांच्या बायकोला काकी.

शूटिंगला घर द्यायला काका एका पायावर तयार झाले. “चांगल्या कामाचा पिक्चर हाय ना ताई? मंग घ्या घर.”

सिनेमावाल्यांनी आधी घराला रंग मारला. म्हणजे होता तो रंग बिघडवला. पिवळ्या भिंतीला काजळी फासली, छपरावरची डिश काढली, फ्रीजवर गोणपाट टाकलं, टेंपो गावाबाहेर उभा करायला लावला. “इतकं बरं घर चालत नाही,” सहायक म्हणाला. कपडेपट सांभाळणाऱ्या मुलीनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. मी नेहमीच्या पंजाबी ड्रेसमध्ये, हातात हेल्मेट. ती म्हणाली, “मॅम, राग मानू नका, पण तुमचा लूक जरा कमी पडतो.” नायिकेला हातमागाची साडी, खांद्याला झोळी आणि रुपयाएवढं कुंकू मिळालं. मग त्या मुलीनं दोरीवर वाळत असलेला काकांचा चौकड्यांचा शर्ट उतरवला. खिशाचं बटण तुटलेला. असाच खरा हवा, म्हणाली. काका हसून हसून बेजार. “माझा शर्ट हिरो घालनार काय गं?” बायकोला म्हणाले. “मंग तो धुवायचा नाय परत.”

मुख्य प्रसंग घेतला त्या दिवशी मी नेरळला प्रशिक्षणाला होते. घरच्यांना शेजारी बसवून ठेवलं होतं. आतमध्ये फक्त सिनेमाची माणसं. काय चाललंय ते कुणालाच दिसलं नाही. जाताना भिंती पुन्हा पिवळ्या करून दिल्या, शर्ट इस्त्री करून दिला, सगळ्यांशी हात मिळवले. तक्रार करावी असं काहीच नव्हतं.

मुलगी दहावी चांगल्या मार्कांनी सुटली. जूनमध्ये कर्जतला अकरावीत गेली. लग्न मात्र ठरलेलंच होतं. मी जात राहिले, पाणी पीत राहिले, आणि भाद्रपदात एकदा काका आपणहून म्हणाले, “दसरा होऊ द्या. मी खोपोलीला जाऊन बोलतो. पोरीला अठरा होऊ दे, बारावी होऊ दे म्हनतो. थांबले तर थांबले.” मी काही बोलले नाही. बोलले असते तर तो विचार माझा झाला असता. परत येताना स्कूटरवर मी एकटीच मोठ्यानं गात होते.

नवरात्रात तो सिनेमा मोबाईलवर आला, आणि मंडळाच्या पोरांनी देवळाच्या मांडवात पडदा लावून सगळ्या गावाला दाखवायचं ठरवलं. मला खास बोलावणं आलं. दिवेलागणीला गेले तर मांडव भरलेला. काका पुढच्या रांगेत, आणि अंगात तोच चौकड्यांचा शर्ट. कडक इस्त्री. खिशाला नवं बटण. मागून पोरं ओरडत होती, “हिरोचा शर्ट आला रं!” काका मागे वळून हात करत होते. मुलगी मैत्रिणींच्या घोळक्यात बसली होती.

सुरुवातीला सगळी मजाच. ज्याची त्याची गाय, ज्याचा त्याचा बांध ओळखण्यात अर्धा तास गेला. मग घर आलं. काजळी फासलेलं, काळं, आत कंदील. लोक हसले. “काय रं, लाईट बिल भरलं नाय काय?” काकाही हसले. आणि मग आतून तो नट बाहेर आला. मुलीला विकायला निघालेला बाप. दारू प्यालेला, थुंकणारा, बायकोच्या केसांना धरणारा. अंगात चौकड्यांचा शर्ट.

हसू थांबलं नाही लगेच. आधी वाढलं. मग हळूहळू कमी झालं.

झोळीवाली बाई उंबऱ्यात आली. सिनेमातल्या आईनं तिच्यापुढे पितळी तांब्या धरला. मी सरसावून बसले, कारण हे मी सांगितलेलं होतं, हे माझं होतं. आता ती पाणी घेईल, मला वाटलं. त्या बाईनं हाताच्या उलट्या बाजूनं तांब्या उडवला. तांब्या सावकाश, फार सावकाश, पायऱ्यांवरून घरंगळत तुळशीपर्यंत गेला. “मी इथं पाणी प्यायला आलेले नाही!” ती म्हणाली. पुढे होऊन तिनं बापाची कॉलर धरली, चपलांसकट त्याला अंगणात ओढलं आणि कानाखाली वाजवली. मुलगी पळत येऊन तिच्या गळ्यात पडली. बापाकडे तिनं वळूनही पाहिलं नाही.

मांडवात शिट्ट्या. टाळ्या. कुणाच्या टाळ्या या? याच माणसांच्या ना? वैऱ्याच्या घरीसुद्धा घोटभर घेतल्याशिवाय जी तोंड उघडत नाहीत, त्यांच्या? माझ्या शेजारच्या म्हातारीनं मला कोपर मारलं. “तुमी आसं का नाय करत वो? नुसत्या बसून ऱ्हाता. ही बघा, दोन मिंटात.”

मी पुढे पाहिलं. काका ताठ बसले होते. त्यांनी शर्टाचं वरचं बटण लावलं. का लावलं कुणास ठाऊक, उकडत तर होतं. मागून एकजण म्हणाला, “आरं, कॉलर सांभाळ. ताई बसल्यात तितं.” मांडव पुन्हा हसला. घोळक्यातून मुलगी उठली आणि कुणाकडे न बघता घरी गेली.

यात माझा दोष होता असं मी म्हणणार नाही. मी पाणी दिलं होतं, त्यांनी ते उडवलं. पण धक्का एवढ्यावर संपला नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी त्या घरी गेले. पडवीत बसले. काकी आतून आल्या, खांबाला टेकून उभ्या राहिल्या. हात रिकामे. मी वाट पाहिली.

“काकी, पाणी?” शेवटी मीच म्हटलं. कुठल्याही घरात मला असं मागावं लागलेलं नव्हतं.

काकी गोंधळल्या. “तुमी घेनार? मला वाटलं, तुमचं काम आसलं की घेत नाय तुमी. पिक्चरमदी…” आणि थोडं थांबून, “मॅडम.”

वर्षभर मी त्या बाईच्या हातचं पाणी पीत होते. तिच्या डोळ्यांदेखत. आणि एका संध्याकाळच्या पडद्यानं ते सगळं पुसून टाकलं होतं. ताईसुद्धा पुसली गेली. मला रागवायचं होतं, पण कुणावर?

पाणी आणलं ते मुलीनं. माझ्यासमोर बसली, पायाच्या अंगठ्यानं जमीन उकरत. म्हणाली, “ताई, तुमी आता येऊ नका. मी लग्न करते.”

“अगं, तुला शिकायचं होतं ना?”

“हुतं. पन बाबांची कॉलर कोनी धरलेली मला नाय चालनार.”

“कोण धरणार आहे? मी?”

“तुमी नाय. पन आता आमी लग्न मोडलं तर सगळे हेच म्हननार ना? कॉलेजच्या रिक्षात सकाळीच म्हनत हुते. तुझ्या बापाला बसली का कानाखाली, आसं.”

मी त्या मुलीकडे बघत राहिले. सिनेमातली मुलगी बापाला सोडून बाईच्या गळ्यात पडली होती. ही खरी, बापाची कॉलर वाचवायला स्वतःचं कॉलेज सोडून बोहल्यावर चढायला निघाली होती. मला एवढंच दिसलं की त्या सिनेमानं काकांची परतीची वाट बंद केली होती. काल त्यांनी लग्न पुढे ढकललं असतं तर ते शहाणे बाप ठरले असते. आज ढकललं तर मार खाल्लेले.

“काय म्हनली ती?”

काका दारात उभे होते. कधी आले कळलं नाही.

“माझ्या कॉलरसाटी तू लग्न करतेस?” त्यांनी तिला विचारलं. काका पायरीवर खाली बसले. मग बायकोला म्हणाले, “हिला घेऊन आत जा गं.” त्या दोघी आत गेल्यावर ते हळू आवाजात माझ्याशी बोलले.

“ताई, मी खोपोलीला जानार. बोललो तसं जानार. पन तुमच्या सांगन्यावरून गेलो आसं व्हता कामा नये.”

“मग मी कुणाला काही बोलणार नाही.”

“तेवढ्यानं भागत नाय. गाव बघतंय ना, तुमची गाडी उभी हाय ती. आता मी तुमाला हाकलतो. गावासमोर. परत हितं यायचं नाय, फोन करायचा नाय, कुनी विचारलं तर हाकललं म्हनायचं. पोरीला अठरा व्हईपर्यंत. मंग मी माझ्या मनानं ठरवलं म्हनून मिशीला पीळ देईन.”

मी थक्क झाले. माझ्या कामात माणसं माझ्यावर ओरडली आहेत, कुत्रं सोडलं आहे. पण परवानगी मागून हाकलणारं कुणी भेटलं नव्हतं.

“काका, एक सांगते,” मी म्हटलं. “मांडव दिसला तर मी फोन करणार. तेव्हा कॉलर नि काही बघणार नाही.”

“करा. मांडव दिसलाच तर करा.”

“आणि घाटावर दिसला तर?”

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. “तेवढा इस्वास ठेवा. नायतर आताच करा फोन.” मग माझ्या हातातल्या ग्लासाकडे बोट केलं. “ते पानी संपवा आदी.”

मी संपवलं. काका उठले, आणि पुढच्या क्षणी त्यांच्या तोंडून जो आवाज निघाला तो मी आयुष्यात विसरणार नाही. “चालती हो! माझ्या पोरीचं मी बगीन! मला शिकवायला आलीस? ह्या घरचं पानी बंद तुला, बंद!” समोरच्या घरातली माणसं बाहेर आली. हेल्मेट अंगणात पडलं. त्यांनी फेकलं की माझ्या हातून सुटलं, सांगता येत नाही. त्यांच्या मानेची शीर तटतटली होती. डोळ्यांत पाणी होतं. कालचा सगळा मांडव त्या आवाजात होता. मी हेल्मेट उचलून गाडी सुरू केली, आणि मला खरोखर कळत नव्हतं, हा माणूस नाटक करतोय की त्याचा राग खरंच सुटलाय एकदाचा.

पुढचे दिवस फार वाईट गेले. दसरा झाला, दिवाळी झाली. त्या गावाचं वळण आलं की मी सरळ पुढे जायचे. फोन हातात घ्यायचे, खाली ठेवायचे. ऑफिसात वरिष्ठ बाईंना सगळं सांगितलं होतं, त्या म्हणाल्या, “नजर ठेव.” आता न जाता नजर कशी ठेवायची? कॉलेजच्या रिक्षा फाट्यावर थांबतात, तिथे चहाच्या टपरीवर मी सकाळी उभी राहू लागले. मुलगी रिक्षात दिसली की त्या दिवसापुरतं बरं वाटायचं. तिनं कधी ओळख दाखवली नाही. मीही नाही.

तुळशीचं लग्न झालं. गावोगाव मांडव पडले, बँडवाले फिरू लागले. एका सकाळी रिक्षात ती दिसली नाही. दुसऱ्या सकाळीही नाही. मी घाटावरच्या सगळ्या मावश्या मनात आणल्या. तिसऱ्या दिवशी मी फोन काढला, अधिकाऱ्यांचा नंबर समोर घेतला, आणि तेवढ्यात रिक्षा आली. आत ती. नाकाला रुमाल, डोळे लाल. सर्दी झाली होती नुसती. मी फोन परत ठेवला आणि चहा सांगितला.

टपरीवाल्यानं चहा पुढे करत विचारलं, “काय मॅडम, त्यानं तुमाला हाकललं म्हनं?”

“हो.”

“आन मंग सोताच खोपोलीला जाऊन दोन वर्सं थांबवलं लगीन. त्यांना म्हनला, थांबायचं तर थांबा, नायतर दुसरी बघा. थांबले ते. मानूस हाय! कोनाचं ऐकत नाय.” त्यानं फडकं झटकलं. “तुमाला नाय जमलं ते त्यानं केलं. त्या पिक्चरमदल्या बाईकडं शिका जरा.”

“शिकते,” मी म्हटलं, आणि चहा संपवला.

हा बोभाटा आमच्या घरापर्यंत गेला. आई आठवड्याच्या बाजारात ऐकून आली. माझी आई, जी ओळखीच्या-अनोळखी सगळ्यांना माझी पदवी सांगते. तिनं पिशवी खाली ठेवली. “खरंच हाकललं गं तुला?” तिला खरं सांगणं म्हणजे बाजाराला सांगणं. “हो,” मी म्हटलं. आई भाजी निवडायला बसली, आणि निवडता निवडता म्हणाली, “येवडं शिकून मंग काय केलंस?” गावात कुत्रं सोडलं तेव्हा मी रडले नव्हते. त्या दिवशी मोरीत जाऊन रडले.

आता हे लिहायला हरकत नाही. मुलीला अठरा पुरी झाली, बारावीही झाली आणि खोपोलीच्या मुलानं तिला पुढे शिकू द्यायचं कबूल केलंय. लग्न कधी, ते ती ठरवणार म्हणते. काकांनी निरोप पाठवला, “आता पानी प्यायला या, आन काय लिहायचं ते लिवा.” मी गेले. काकींनी तांब्या आणला, आणि आम्ही सगळे नुसतं पाणी प्यायलो. तो शर्ट कुठे दिसला नाही. मी विचारलंही नाही.

घरी येऊन आईला पहिल्यापासून सगळं सांगितलं. ती ऐकत राहिली, मध्ये एकदा गॅस बंद केला. शेवटी म्हणाली, “मंग ह्याचा पिक्चर का नाय काढत कोनी?”

“काय दाखवणार, आई? एका घरी मी गेले नाही. हे कसं दाखवायचं?”

आईनं विचार केला. “रस्ता दाखवायचा. वळनाशी आलीस, नि वळली नायस. सरळ गेलीस.”

“त्याला शिट्टी कोण मारणार?”

“मी मारीन की,” आई म्हणाली, आणि दोन बोटं तोंडात घालून तिनं खरंच प्रयत्न केला. नुसती हवा आली. आईला शिट्टी येत नाही.